गोष्टीविना चित्रपट : एका सरकारी कचेरीतील प्रयोगपर्व

इ. स. १९१२ मध्ये धुंडिराज गोविंद फाळके यांनी आपल्या बिऱ्हाडी एका कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला आणि लंडनहून नुकताच आणलेला विल्यमसन कॅमेरा तिच्यासमोर रोवला. ठरावीक अंतराने एक चौकट टिपायची, थांबायचे, पुन्हा एक चौकट टिपायची, असा क्रम त्यांनी रोप वाढेपर्यंत चालविला. पुढे फीत पडद्यावर धावली तेव्हा कित्येक दिवसांची वाढ पाहणाऱ्यांसमोर क्षणांत उलगडली. ‘अंकुराची वाढ’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या चित्रफितीत राजा नव्हता, राणी नव्हती, संकट नव्हते आणि त्यातून सुटकाही नव्हती. माती हलली, कोंब वर आला, पाने फुटली, एवढेच. परंतु तेवढे पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी फाळक्यांना कर्ज देण्याची तयारी दाखविली आणि ‘राजा हरिश्चंद्र’चा मार्ग मोकळा झाला.

फाळके हे बडोद्याच्या कलाभवनाचे विद्यार्थी. चित्रकला आणि छायालेखन यांचे धडे त्यांनी सयाजीराव महाराजांच्या राजवटीत उभ्या राहिलेल्या या संस्थेत गिरविले, ही गोष्ट महाराष्ट्राबाहेरील मराठी माणसाला अभिमानाची वाटते, आणि ते योग्यच आहे. पण कलाभवनातून त्यांनी जी दृष्टी घेतली ती हरिश्चंद्राच्या दरबारापेक्षा वाटाण्याच्या कुंडीत अधिक स्पष्ट दिसते, याकडे क्वचितच लक्ष वेधले जाते. चित्रपटाच्या इतिहासात ही कुंडी ‘भांडवल मिळविण्याची युक्ती’ म्हणून दोन ओळींत आटोपली जाते. ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात लागला आणि त्या दिवसापासून आपल्याकडील पडद्यावर गोष्टीचे राज्य सुरू झाले. ते आजही अबाधित आहे.

गोष्टीला सोडून चित्रपट उभा राहू शकतो काय, आणि राहिला तर तो कोणासाठी, हा प्रस्तुत निबंधाचा विषय होय. युरोपात हा प्रश्न पहिल्या महायुद्धानंतर चित्रकारांनी उपस्थित केला. हान्स रिश्टर आणि वाल्टर रुटमान यांनी १९२१ च्या सुमारास जर्मनीत केवळ चौकोन, वर्तुळे आणि लाटा यांच्या हालचालींवर चित्रफिती केल्या. १९२४ मध्ये व्हायकिंग एगेलिंग याने रेषांची ‘सिम्फनी’ रचली, आणि त्याच वर्षी फ्रेंच चित्रकार फेर्नां लेजे याने यंत्रांचे भाग, स्वयंपाकघरातील भांडी आणि माणसांचे चेहरे यांना एकाच ठेक्यावर नाचविले. डच दिग्दर्शक योरिस इव्हेन्स याचा १९२९ चा ‘पाऊस’ म्हणजे ॲमस्टरडॅम शहरावर कोसळणारी एक सर, दुसरे काही नाही. या मंडळींचे म्हणणे थोडक्यात असे होते, की संगीताला जशी गोष्ट लागत नाही तशी ती हलत्या चित्रालाही लागू नये. यमनाचा ख्याल ऐकताना ‘पुढे काय झाले?’ असे कोणी विचारत नाही. मग पडद्यासमोर बसल्यावरच का विचारावे?

प्रश्न बिनतोड असला तरी त्याला पैसा लागतो. कथापटाला तिकीट विकून पैसा उभा करता येतो. पाच-सात मिनिटांच्या कथाहीन फितीला कोण तिकीट काढणार? याचे उत्तर अनेक देशांत एका अनपेक्षित ठिकाणाहून आले. इंग्लंडमध्ये लेन लाय याने १९३५ साली फिल्मच्या पट्टीवर थेट रंग फासून ‘अ कलर बॉक्स’ केला, तो टपालखात्याच्या चित्रपट विभागासाठी. कॅमेरा न वापरता केलेल्या त्या रंगांच्या उधळणीच्या शेवटी पार्सलच्या स्वस्त दरांची जाहिरात येते! कॅनडात नॉर्मन मॅक्लारेन याने आयुष्यातील बहुतेक प्रयोग राष्ट्रीय चित्रपट मंडळाच्या नोकरीत राहून केले. भारतातही हेच घडले. आपल्याकडील कथाहीन लघुपटाचे सर्वांत सुपीक पर्व एखाद्या बंडखोर कलावंताच्या माडीवर उगवले नाही. ते उगवले केंद्र सरकारच्या माहिती व नभोवाणी मंत्रालयाखालील एका कचेरीत, जिथे हजेरीपट होता, फाईल होती आणि वरिष्ठांची सही होती.

ती कचेरी म्हणजे फिल्म्स डिव्हिजन. तिची स्थापना १९४८ ची. चाळिशी उलटलेल्या कोणाही वाचकाला तिचे नाव माहीत नसले तरी तिचे काम ठाऊक आहे: मुख्य चित्रपटापूर्वी दाखविला जाणारा तो वृत्तपट आणि अनुबोधपट. युद्धकाळात, १९४३ मध्ये, ब्रिटिश सरकारने चित्रपटगृहांवर अशा प्रचारपटांची सक्ती केली होती. स्वातंत्र्यानंतर ती सक्ती परवान्याच्या अटींतून पुन्हा आली. प्रत्येक खेळाबरोबर मान्यताप्राप्त लघुपट दाखवावा आणि त्यासाठी निव्वळ उत्पन्नाचा एक टक्का भाडे म्हणून भरावा, अशी ती व्यवस्था होती. त्याकरिता साधारण २,००० फूट लांबीची मर्यादा होती. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मला एका फुटात सोळा चौकटी आणि सेकंदाला चोवीस चौकटी, म्हणजे मिनिटाला ९० फूट. या हिशेबाने २,००० फूट म्हणजे सुमारे बावीस मिनिटे. संस्थानी राजवट संपल्यावर हैदराबादेत आणि १९६१ नंतर गोव्यातही हाच शिरस्ता आला. इंदूरच्या टॉकीजपासून बेळगावच्या थिएटरपर्यंत सर्वांच्या वाट्याला हीच बावीस मिनिटे होती.

प्रेक्षक या वेळात काय करीत, हे सर्वांना माहीत आहे. ते बाहेर चहा पीत. धरणे, पोलादाचे कारखाने, मंत्र्यांच्या हस्ते उद्घाटने, आणि या सगळ्यांवर पसरलेला निवेदकाचा भारदस्त आवाज. चित्रात जे दिसत आहे तेच आवाज पुन्हा सांगत असे, आणि ते अनेक भारतीय भाषांत भाषांतरित करून पाठविले जाई. जगातील सर्वांत मोठा हक्काचा प्रेक्षकवर्ग या संस्थेपाशी होता. त्याच्याशी बोलायचे कसे, हे मात्र तिला साधले नव्हते.

१९६४ ते १९६६ या काळात माहिती व नभोवाणी खाते इंदिरा गांधी यांच्याकडे होते. त्या वेळी युनेस्कोच्या नोकरीत पॅरिसला असलेले जाँ भावनगरी १९६५ मध्ये मुख्य सल्लागार म्हणून फिल्म्स डिव्हिजनमध्ये आले. वडील पारशी, आई फ्रेंच, जन्म मुंबईचा. कुंभारकामात रमणारा आणि हातचलाखीचे जादूचे प्रयोग करणारा हा विलक्षण गृहस्थ १९५० च्या दशकातही याच संस्थेत अधिकारी होता. पहाडी लघुचित्रांवरून कॅमेरा फिरवून केलेला त्यांचा ‘राधा आणि कृष्ण’ हा १९५८ चा लघुपट तेव्हाच नावाजला गेला होता. दुसऱ्या खेपेला ते जेमतेम दोन वर्षे राहिले. त्यांनी नवे लोक फारसे आणले नाहीत. होते त्यांनाच मोकळे सोडले, हेच त्यांचे मोठेपण. वृत्तपटाचे छायालेखक, कार्टून विभागातील चित्रकार, संगीत विभागातील वादक, हे सारे पगारी नोकर होते. त्यांना एवढेच सांगण्यात आले, की निवेदन नको असेल तर लिहू नका.

या एका परवानगीचा परिणाम किती खोल होता, हे ध्यानात घेतले पाहिजे. निवेदन गेले की भाषांतर गेले. जी फीत शब्दांवाचून उभी आहे तिची मराठी, कानडी, तेलुगू आवृत्ती निराळी करावी लागत नाही. निवेदन गेले की चित्रांना एकमेकांशी स्वतःच बोलावे लागते, आणि मग संकलकाच्या कात्रीला लेखणीचे काम येते. संगीतही मागे कुजबुजत राहू शकत नाही. रविशंकरांचे शिष्य, बासरीवादक विजय राघव राव हे या संस्थेच्या संगीताचे आधारस्तंभ होते. मृणाल सेन यांच्या १९६९ च्या ‘भुवन शोम’चे संगीत त्यांचेच. त्यांनी या लघुपटांसाठी बासरी, तालवाद्ये आणि चमत्कारिक ध्वनी यांचे जे मिश्रण केले, ते त्या काळच्या कोणत्याही व्यावसायिक चित्रपटात खपले नसते.

एस. एन. एस. शास्त्री हे वृत्तपटाच्या कॅमेऱ्यामागे घडलेले. त्यांच्या १९६७ च्या ‘आय ॲम ट्वेंटी’मध्ये स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेली मुले-मुली देशाविषयी काय वाटते ते सांगतात, कोणी देशावर प्रेम असल्याचे सांगतो, कोणी नसल्याचेही. सरकारी पैशाने सरकारी पडद्यावर हे उत्तर जाऊ देणे, हीच मोठी गोष्ट होती. पण प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने त्यांचा १९६८ चा ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ अधिक महत्त्वाचा. हा लघुपट लघुपट करणाऱ्याच्या मनाविषयी आहे. तुकडे येतात, आवाज येतात, एक विचार सुरू होतो आणि अर्ध्यावर दुसरा त्याला ढकलतो. सोळा मिनिटांत सांगण्यासारखी एकही घटना घडत नाही. तरीही नोकरी करीत कला करणाऱ्या माणसाची चिडचिड आणि मिस्किलपणा त्यातून जितका कळतो तितका एखाद्या आत्मचरित्रातूनही कळणार नाही. या पर्वातील सर्वांत प्रौढ काम शास्त्रींचेच, असे म्हणावे लागेल.

प्रसिद्धी मात्र प्रमोद पती यांच्या वाट्याला अधिक आली, आणि त्यालाही कारण आहे. मूळचे ओडिशाचे पती यांनी चेकोस्लोव्हाकियात यिर्ही त्रन्का या बाहुलीपटांच्या आचार्याकडे शिक्षण घेतले होते. बाहुली किंचित हलवायची, एक चौकट टिपायची, पुन्हा हलवायची, ही ती विद्या. पतींनी बाहुलीच्या जागी जिवंत माणूस ठेवला. माणसाला एका जागी स्थिर उभे करायचे, चौकट टिपायची, त्याला इंचभर सरकवायचे, पुन्हा टिपायची. या तंत्राला पिक्सिलेशन म्हणतात. मिनिटाच्या फितीसाठी चौदाशे चाळीस वेळा हा खटाटोप करावा लागतो. पडद्यावर मग माणूस पाय न उचलता जमिनीवरून घसरत जातो, भिंतीतून उगवतो, नाहीसा होतो. मॅक्लारेनने १९५२ च्या ‘नेबर्स’मध्ये हे केले होते. पतींनी ते मुंबईत आणले, आणि १९६८ च्या ‘क्लॅक्सप्लोजन’मध्ये चक्क कुटुंबनियोजनाच्या प्रचाराला जुंपले. लेन लायच्या पार्सलदरांचीच ही भारतीय आवृत्ती!

त्यांच्या १९७२ च्या ‘आबिद’मध्ये चित्रकार आबिद सुरती रंगांनी गजबजलेल्या एका खोलीत असेच चौकटीचौकटीने जगतात. ‘धर्मयुग’मधील ढब्बूजींचे जनक म्हणून वाचनालयाच्या जुन्या सभासदांना सुरती परिचित असतील. फाळक्यांनी कुंडीसमोर जी युक्ती वापरली तीच साठ वर्षांनी पतींनी चित्रकारासमोर वापरली. एकाने डोळ्यांना न दिसणारी वाढ दाखविली, दुसऱ्याने चालत्याबोलत्या माणसाला रोपासारखे कोंब फोडायला लावले. १९७० च्या ‘ट्रिप’मध्ये पतींनी हेच साऱ्या मुंबईवर करून पाहिले, काही मिनिटांत शहराचा दिवस उगवून मावळतो. त्यांचा सर्वांत गाजलेला लघुपट मात्र १९६८ चा ‘एक्सप्लोरर’. सात मिनिटांच्या या कृष्णधवल फितीत नाचणारे तरुण, देवळे, प्रयोगशाळा आणि अक्षरे यांचा असा मारा आहे की डोळा एका चित्रावर ठरत नाही. ती फीत तिच्या काळाची खूण म्हणून मोलाची आहे हे खरे. पण आज पाहताना तिच्यातील घाई थोडी थकविते, आणि ‘आबिद’मधील खेळकरपणा अधिक टिकलेला वाटतो. पती १९७५ मध्ये, वयाची पंचेचाळिशीही गाठण्यापूर्वी, वारले.

भावनगरींनी बाहेरच्या चित्रकारांनाही कॅमेरा दिला. पंढरपुरात जन्मलेले आणि इंदुरात वाढलेले मकबूल फिदा हुसेन हे त्यांपैकी पहिले. इंदूरच्या कलाशाळेत दत्तात्रय दामोदर देवळालीकर मास्तरांनी ना. श्री. बेंद्रे यांच्यासारखी पिढी घडविली. त्याच शाळेतून हुसेन मुंबईस आले आणि चित्रपटांचे फलक रंगवून पोट भरू लागले. पडद्यावरच्या नायक-नायिकांना चाळीस फुटी करून रंगविणाऱ्या या माणसाला १९६७ मध्ये स्वतःचा चित्रपट करावयास मिळाला तेव्हा त्याने नायक-नायिका बाजूला ठेवल्या. ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’मध्ये राजस्थानातील गावे आहेत, किल्ले आहेत, वाळू आहे, आणि छत्री, कंदील, जोडा अशा साध्या वस्तू पुनःपुन्हा येतात. छत्री कशाचे प्रतीक, असे विचारणाऱ्यांना उत्तर मिळत नाही. ती काळी आहे, गोल आहे, आणि पिवळ्या असणार हे माहीत असलेल्या पण पडद्यावर करड्या दिसणाऱ्या वाळूवर ती शोभते. बर्लिनच्या महोत्सवात त्या वर्षी लघुपटासाठीचे सुवर्ण अस्वल या फितीला मिळाले.

तय्यब मेहता यांचा ‘कूडल’ १९७० चा. ‘कूडल’ हा तमिळ शब्द. अर्थ मीलन, संगम. मेहता चित्रकार होण्याआधी ताडदेवच्या फेमस स्टुडिओत संकलनाचे काम करीत असल्यामुळे त्यांना कात्री परकी नव्हती. १९४७ च्या दंगलीत मुंबईतील महंमद अली रस्त्यावर जमावाने एका माणसाला ठेचून मारताना त्यांनी खिडकीतून पाहिले होते. ते दृश्य त्यांच्या कुंचल्यातून जन्मभर गेले नाही. पाय बांधून जमिनीवर पाडलेला बैल हा त्यांच्या चित्रांतील विषय तिथूनच आला. ‘कूडल’साठी ते वांद्र्याच्या कत्तलखान्यात कॅमेरा घेऊन गेले. तिथले जनावर आणि रस्त्यावरची माणसे शेजारी शेजारी ठेवली, आणि शब्द एकही उच्चारला नाही. या सोळा मिनिटांत जे आहे ते फाळणीविषयी आहे असे फितीत कुठेही म्हटलेले नाही. निवेदकाने तसे म्हटले असते तर ती आणखी एक बोधप्रद फीत झाली असती.

या पर्वाची दुसरी बाजू दडवून ठेवणे इतिहासाला धरून होणार नाही. जो आश्रय देतो तो कधीतरी हिशेब मागतो. सुखदेव यांनी १९६७ मध्ये ‘इंडिया ६७’ हा सुमारे तासाभराचा निवेदनहीन चित्रपट याच संस्थेसाठी केला होता. देशाचा एक दिवस, त्यातील विसंगतींसह, केवळ चित्रांच्या आणि आवाजांच्या आधारे त्यांनी उभा केला. त्याच सुखदेवांनी आणीबाणीत, १९७६ साली, ‘थंडर ऑफ फ्रीडम’ हा तिचे समर्थन करणारा चित्रपट केला. नव्या पद्धतीचे वेगवान संकलन जितके शंका निर्माण करण्यास उपयोगी पडते तितकेच ती दाबून टाकण्यासही, हे त्या वर्षांत दिसून आले. कात्रीला स्वतःचे मत नसते. आणीबाणीनंतर संस्थेत तसा मोकळा वारा पुन्हा वाहिला नाही. एखाददुसरी झुळूक मात्र आली. विजय बी. चंद्रा यांचा १९७९ चा ‘चाइल्ड ऑन अ चेस बोर्ड’, बाहेरगावाहून मुंबईत येणारा माल आणि येणारी माणसे एकाच नजरेने पाहणारा मणी कौल यांचा १९८० चा ‘अरायव्हल’, आणि त्यांचाच काश्मीरवरील १९८९ चा ‘बिफोर माय आइज’ ही त्याची उदाहरणे. दूरचित्रवाणी घरोघर पोचल्यावर चित्रपटगृहांतील त्या बावीस मिनिटांचेही महत्त्व ओसरले.

इतक्या लोकांसाठी केलेले हे लघुपट लोकांच्या स्मरणात मग का राहिले नाहीत? केवळ प्रेक्षक चहाला जात म्हणून नव्हे. गोष्ट असलेला चित्रपट पाहून आलेला माणूस घरी येऊन तो सांगतो. ‘श्यामची आई’ न पाहिलेल्यांनाही त्यातील प्रसंग ठाऊक असतात, कारण ते ऐकलेले असतात, वाचलेले असतात. एखाद्या कथापटाची फीत जळाली तरी त्याची कथा, गाणी, संवाद, पुस्तिका आणि पाहणाऱ्यांच्या आठवणी मिळून त्याचे एक रूप मागे उरते. वाचनालयातही असेच होते. पुस्तकाची पाने वाळवीने खाल्ली तरी वाचलेला सभासद कथानक सांगू शकतो. परंतु ‘ट्रिप’ सांगायचा कसा? ‘कूडल’मध्ये काय झाले, या प्रश्नाला उत्तर काय द्यायचे? जी कलाकृती सांगता येत नाही ती एका तोंडातून दुसऱ्या कानात जात नाही. तिचे अस्तित्व सर्वस्वी प्रतीवर अवलंबून असते. प्रत गेली की ती मुळी झालीच नव्हती, असे होते.

आणि फिल्मची प्रत ही फार नाजूक वस्तू आहे. जुनी नायट्रेट फिल्म पेट घेते. २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फितींच्या साठ्याला लागलेल्या आगीत असंख्य रिळे भस्म झाली. नंतरची ॲसिटेट फिल्म जळत नाही, पण दमट हवेत सडते, आक्रसते आणि तिला व्हिनेगरसारखा वास येऊ लागतो. १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले तेव्हापासून पी. के. नायर यांनी मिळेल ते रीळ गोळा करण्याचा जो ध्यास घेतला, त्यामुळे फाळक्यांच्या कथापटांचे काही अवशेष तरी आज पाहता येतात. नायर हे ग्रंथपालाच्या वृत्तीचे गृहस्थ होते. चित्रपट चांगला की वाईट हे ठरविणे संग्राहकाचे काम नव्हे, असे ते मानीत. फिल्म्स डिव्हिजनच्या फिती सरकारी असल्यामुळे सरकारी दप्तराप्रमाणे सांभाळल्या गेल्या, हा एक योगायोगाचा लाभ. तिच्या साठ्यात आठ हजारांहून अधिक चित्रपट आहेत. २००३ मध्ये शाई हेरेडिया यांनी ‘एक्सपेरिमेंटा’ हा महोत्सव सुरू केला आणि पती-शास्त्रींची नावे नव्या पिढीच्या कानांवर गेली. २०१२ पासून ‘एफडी झोन’ या उपक्रमातून जुने लघुपट नियमितपणे दाखविले जाऊ लागले. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे संग्रहालय या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. तेव्हा या साठ्याचे पुढे काय, अशी काळजी अनेक चित्रपटकर्त्यांनी जाहीरपणे व्यक्त केली.

ज्या फितींना सरकारी कपाट लाभले नाही त्यांचे काय झाले, हे पाहण्यास फार दूर जावे लागत नाही. फिल्म्स डिव्हिजनची इमारत मुंबईस पेडर रोडवर, म्हणजे डॉ. गोपाळराव देशमुख मार्गावर आहे. तेथून पायी जाण्याजोग्या अंतरावर, नेपियन सी रोडला, चित्रकार अकबर पदमसी राहत. १९६९ मध्ये त्यांना जवाहरलाल नेहरू शिष्यवृत्ती मिळाली. एकट्याने चित्रे काढण्यासाठी ती रक्कम सहज पुरली असती. पदमसींनी तिच्यातून कॅमेरा आणि इतर साहित्य मिळवून ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ नावाची कार्यशाळा उघडली, आणि चित्रकार, छायालेखक, चित्रपटकार यांना तिथे येऊन हवे ते करून पाहण्यास बोलाविले. १९७२ पर्यंत ती चालली. छायालेखक के. के. महाजन तिथे येत. जे. जे. कलाशाळेतून नुकत्याच बाहेर पडलेल्या नलिनी मलानी यांनी आपल्या पहिल्या चित्रफिती तिथेच केल्या. पुढे भारतातील दृश्यमाध्यमाच्या कलेत त्यांचे नाव अग्रभागी आले.

पदमसींनी स्वतः तिथे दोन फिती केल्या. ‘सिझिजी’ ही त्यांपैकी एक. सूर्य, पृथ्वी, चंद्र यांसारखे तीन गोल एका ओळीत येतात त्या स्थितीचे हे खगोलशास्त्रीय नाव. सुमारे एक हजार रेखाचित्रे, रेषा आणि बिंदू यांच्या गणिती रचना, आणि अकरा मिनिटे संपूर्ण शांतता. त्यांना हलते करण्याचे काम राम मोहन यांनी केले. तेही फिल्म्स डिव्हिजनच्याच कार्टून विभागात घडलेले, म्हणजे या दोन घरांचा असा शेजारधर्म होता. ही फीत वाचली.

दुसरी १९६९ ची ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’. भौतिकशास्त्रातील मेघकक्षात बाष्पाने भरलेल्या पेटीतून सूक्ष्म कण जातो तेव्हा तो स्वतः दिसत नाही, त्याच्या वाटेवर उमटलेली धुक्याची रेघ दिसते. त्यावरून हे नाव. पदमसींनी आपल्याच एका तैलचित्रातील भूदृश्य रंगाऐवजी प्रकाशाने रंगविण्याचे ठरविले. कापलेले साचे आणि स्लाइड दाखविण्याचे यंत्र वापरून रंगीत प्रकाशाचे आकार एकमेकांवर टाकले आणि ते सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर घेतले. फीत सहा मिनिटांची झाली. तिची एकच प्रत होती. ती एका प्रदर्शनासाठी दिल्लीला पाठविली गेली आणि परत आली नाही.

तेव्हा कोणी फारशी चौकशी केली नाही. चित्र हरवले असते तर पोलिसात वर्दी गेली असती. पदमसी पुन्हा चित्रांकडे वळले, त्यांची कीर्ती वाढली, आणि त्या फितीविषयी जवळजवळ पंचेचाळीस वर्षे कोणी विचारले नाही. पुढे दिग्दर्शक असीम अहलुवालिया यांनी विचारले. पंचाऐंशी ओलांडलेल्या चित्रकाराला समोर बसवून त्या सहा मिनिटांत काय होते ते आठवून सांगण्याची विनंती त्यांनी केली, आणि त्या आठवणींच्या आधारे दोघांनी ती फीत पुन्हा करून पाहण्याचा प्रयत्न केला. अहलुवालियांचा त्याच नावाचा लघुपट २०१६ मध्ये प्रदर्शित झाला. त्यात म्हातारा चित्रकार आहे, त्याचा हात आहे, पुन्हा पाडलेले प्रकाशाचे आकार आहेत. ६ जानेवारी २०२० रोजी पदमसी वारले. मूळ प्रत सापडलेली नाही.